अकरानंतर एकोणीस

“अकरानंतर किती येतात?” मिरचीने रस्त्याच्या मधोमध उभं राहून विचारलं.

“बारा!” तिचा धाकटा भाऊ पिटुकला म्हणाला. “पाचवीत जाऊन एवढंही येत नाही तुला?”

“मग हा मैलाचा दगड बघ. अकरा! आणि त्याला खेटून हा. एकोणीस!”

खरंच की! दोन्ही दगड बाकावर दाटीवाटीने बसलेल्या पोरांसारखे एकमेकांना चिकटून उभे होते. मधले सात दगड आणि आठ मैल रस्ता साफ गायब!

त्यांच्याबरोबर चष्मिषही होती. ती मावशीच्या शेजारची. मिरची आणि पिटुकला सुट्टीत मावशीकडे आले, की तिघांची गट्टी ठरलेली. याच रस्त्यावर गाणाऱ्या घुमटांचं शहर होतं. वारा आला की तिथले काचेचे घुमट सूर धरायचे. तीन महिन्यांपूर्वी ते शहर एकाएकी हरवलं. चष्मिषची आई घुमटांच्या काचा बसवायला तिथे गेली होती. शहराबरोबर तीही हरवली.

“आज चार वाजता शहराचं नाव खोडणार आहेत,” चष्मिष म्हणाली. “एकदा खोडलं की संपलं.”

त्या देशाचा कारभारच तसा. जे मोठ्या नकाशावर, तेच जमिनीवर! शाईने नदी काढली की पाणी खळखळायला लागायचं. आणि हरवलेलं शहर तीन महिन्यांत सापडलं नाही, तर लाल शाईने त्याच्या नावावर काट मारायची, असा नियम होता.

“श्श!” पिटुकला जमिनीला कान लावून पालथा पडला होता. “खाली कुणीतरी गातंय!”

तिघांनी कान लावले. दोन दगडांच्या मधून एक सरळ रेघ गेली होती आणि दोन्हीकडचं गवत तिच्यात आत वळलं होतं. तिथूनच तो बारीक, गोड सूर येत होता.

“घुमट!” चष्मिष किंचाळली. “शहर इथेच आहे!”

“होडी करताना कागदाला अश्शीच घडी पडते,” पिटुकला म्हणाला.

मिरची ताडकन उठून बसली. मावशी नकाशा कचेरीत शाई भरायची. नवी कपाटं आखूड निघाली, म्हणून प्रमुखसाहेबांनी मोठा नकाशा गुंडाळायचा सोडून दुमडून ठेवला, अशी तिची रोजची कुरकुर होती. “नकाशाला घडी घालू नये,” असं ती साहेबांना तीनदा म्हणाली होती. का घालू नये, हे मात्र कुणाच्याच लक्षात राहिलं नव्हतं.

“पळा!” मिरची ओरडली.

धापा टाकत तिघं कचेरीत शिरली, तेव्हा चारला पाच मिनिटं कमी होती. प्रमुखसाहेब लाल शाईची दौत उघडत होते. टेबलावर मोठा नकाशा पसरला होता. त्यात तीन ठिकाणी चुण्या घालून वरून चक्क इस्त्री फिरवली होती! या वर्षी हरवलेली शहरंही बरोबर तीनच होती, बाकीची दोन अगदी अलीकडे हरवलेली.

“साहेब, नकाशा उलगडा! शहर घडीत अडकलंय!” चष्मिष म्हणाली.

“घडीत?” साहेब खो खो हसले. “उद्या म्हणाल, डोंगर माझ्या खिशात आहे! मुलांनी नकाशाला हात लावायचा नाही. आणि कपाटाच्या मापाबद्दल मला एक शब्दही ऐकायचा नाही!”

मावशी पुढे झाली. “साहेब, एकदा बघायला काय हरकत आहे?”

“तुम्ही शाई ढवळा!”

चष्मिषच्या डोळ्यांत पाणी आलं. मिरचीचं डोकं मात्र भराभर चालू लागलं. तिने एकदम आवाजात साखर घोळली.

“बरोबर आहे, साहेब. नियम म्हणजे नियम! काट नावावरच मारायची ना?”

“अर्थात! बरोब्बर नावावर!”

“मग नाव कुठाय?”

साहेबांनी नकाशावरून बोट फिरवलं. पुन्हा फिरवलं. चष्मा पुसून पुन्हा फिरवलं! “इथेच तर होतं... हं, या चुणीत गेलं असेल.” आणि त्यांनी स्वतःच्याच हातांनी ती चुणी सर्रकन ओढून सरळ केली.

धडाड्! जमीन हादरली, दौती नाचल्या. साहेबांच्या टाकावरचा लाल थेंब ओघळला, थेट नावाच्या दिशेने! मिरचीने झटकन नावावर पंजा ठेवला. थेंब टपकन तिच्या हातावर पडला.

आणि खिडकीतून सूर आला. एक नाही, शेकडो! दूरच्या माळावर काचेचे घुमट उन्हात झगमगत होते.

साहेबांनी लाल दौतीला बूच लावलं. मावशीने कुणाची परवानगी विचारली नाही. तिने उरलेल्या दोन चुण्याही सोडवल्या. पाण्याच्या रस्त्यांचं शहर परतलं, उडत्या पुलांचं शहर परतलं!

“पोरांनो,” साहेब कान धरून म्हणाले, “इतकी वर्षं नकाशे सांभाळतोय, पण अक्कल तुमच्याकडून शिकलो. ही कपाटं आजच्या आज बाहेर काढा!”

“गुणाची पोरं माझी!” म्हणत मावशीने तिघांनाही एकदमच कवेत घेतलं.

पण चष्मिष तिच्या मिठीतून निसटली आणि रस्त्यावर धावत सुटली. बरंच अंतर धावल्यावर समोरून काचांची पेटी खांद्याला लावून तिची आई येत होती, अगदी रोज कामावरून येते तशी.

“अगं, अशी धावतेस काय! आणि तुझा फ्रॉक इतका आखूड कसा झाला? सकाळी निघाले तेव्हा तर अंगाला नीट बसत होता!”

“आई, ती सकाळ तीन महिन्यांपूर्वीची!” चष्मिष रडतही होती आणि हसतही होती.

आईने पेटी हळूच खाली ठेवली. ती रस्त्यातच बसली, लेकीला मांडीवर ओढलं आणि घट्ट धरून म्हणाली, “सांग मला. पहिल्या दिवसापासून सगळं सांग.”