दाराआडून दोनदा

दिवा असू दे, हवा तर. हा किल्लीवाला माझ्या दुकानाशेजारीच बसतो, त्याने स्वतः सांगितलेलं सांगतो.

गेल्या नोव्हेंबरातली सतरा तारीख, सोमवार. रात्री नऊला एका मुलीचा फोन आला, "वडील दार उघडत नाहीत, लवकर या." याने तीन मिनिटांत कुलूप काढलं. वडील खुर्चीत होते. जाऊन दोन दिवस झाले होते. शेजारी म्हणाले, टीव्हीचा आवाज येत होता, आम्हाला वाटलं बरे असतील.

किल्लीवाल्याला स्वतःचं घर आठवलं. तिथे तीन वर्षं नवरा-बायकोत अबोला होता. भांडण कशावरून झालं ते दोघंही विसरली, अबोला तेवढा राहिला. बायकोची पहाटेची पाळी, म्हणून ती आतल्या खोलीत कडी लावून लवकर झोपायची. हा उशिरा येऊन दारावर दोनदा टकटक करायचा, म्हणजे आलो. आतून दोनदा टकटक, म्हणजे कळलं. झाला संसार.

त्या रात्री सव्वाअकराला त्याने टकटक केली. आतून दोनदा आली. पण आज तेवढ्यावर त्याचं भागेना.

"ऐक ना, जरा दार उघड. बोलायचंय."

टक टक.

"चुकलं माझं. काय चुकलं ते आठवत नाही, पण चुकलं."

टक टक.

काय म्हणालास? धंदाच त्याचा, काढायची कडी? अरे, बायकोने लावलेली कडी हत्याराने काढतात का? तो चौकटीला टेकून खाली बसला आणि बोलत राहिला. तीन वर्षांचं सगळं बोलला. रडलाही. आतून दर वेळी दोनदाच. हळू. आणि... खालून. जमिनीलगत.

तिची खाट तर पलीकडच्या भिंतीला.

तो उठला. दार ढकललं. अर्धं उघडून अडलं.

कडी लावलेलीच नव्हती.

ती दारामागे पडली होती. गार...

डॉक्टर म्हणाले, संध्याकाळी सातलाच संपलं होतं.

मग टकटक कोणी... ते मला विचारू नका. दाराला आतून, वीतभर उंचीवर, दोन बारीक खड्डे पडलेत. त्याने लाकडात भरायची लांबी लावून ते बुजवले. सकाळी पुन्हा दोन. असे पाच वेळा बुजवले.

आता बुजवत नाही. रोज सव्वाअकराला दाराशी बसतो, दिवसभराचं सांगतो. सकाळी बोट घालून बघतो.

खड्डे थोडे आणखी खोल झालेले असतात.