शामरावांची सही

कोर्टासमोरच्या झेरॉक्सच्या दुकानात ऋता आपल्या कागदांची वाट बघत उभी होती. शेजारचा उंच तरुण हातातला कागद पुन्हा पुन्हा वाचत होता. तिची नजर सहज त्यावर गेली... एफआयआर होता.

"कितीही वेळा वाचलंत तरी कलमं तीच राहणार," ती म्हणाली.

तो ओशाळला, मग हसला. "आरोपीचं नाव तरी बदलतंय का, ते बघत होतो."

ते नाव त्याचंच, उन्मेष. चिंचपोकळीच्या एका चाळीच्या कमिटीचा सेक्रेटरी. चाळ पाडून नवी बांधायला बिल्डरला सगळ्यांची संमती हवी होती; गिरणीत हयात घालवलेले तिथले भाडेकरू शामराव तेवढे अडून बसले होते. मग एक दिवस कागदांवर त्यांचीही सही निघाली. ही आपली सही नव्हेच, उन्मेषने खोटी केली, अशी तक्रार त्यांनी पोलिसांत दिली होती.

ऋता ज्या लतिका मॅडमची ज्युनियर होती, त्यांच्याकडेच केस आली. गुन्हा रद्द करून घ्यायचा होता. मॅडमनी आधीच बजावलं, की तपास चालू असताना हायकोर्ट सहसा मध्ये पडत नाही. तक्रारीतलं अक्षर न् अक्षर खरं धरूनही गुन्हा होत नसेल, तर गोष्ट वेगळी. इथे तर सरळ खोट्या सहीचा आरोप. सह्यांचे नमुने तज्ज्ञाकडे गेलेत, अहवाल येऊ दे, म्हणाल्या.

अहवाल येईना. उन्मेष मात्र रोज येऊ लागला — कधी एखादा कागद द्यायला, कधी दिलेला परत मागायला. संध्याकाळी तिला घराजवळ, फणसवाडीच्या नाक्यापर्यंत सोडताना तिच्या खांद्यावरची जड बॅग तो हळूच काढून घ्यायचा. तिला हसू यायचं... आणि तो वळला की उरलेली चार पावलं उगाच लांब वाटायची.

त्याच्यावरचा डाग तिला सोसवेना. एकच वाट होती, शामरावांनीच माघार घ्यायची. मॅडमना विचारून ती शामरावांच्या खोलीवर गेली. उन्मेष तसला नाही, तिने समजावलं. वयाने माणूस विसरतो, केली असेल सही, ध्यानात राहिलं नसेल. त्यांची सूनही तेच म्हणत होती. ऋताने तक्रार मागे घेण्याचा कागद पुढे ठेवला. शामराव बराच वेळ आपल्या बोटांकडे बघत राहिले.

"तू सांगतंस म्हणान करतंय सही," ते शेवटी म्हणाले.

तक्रारदाराची हरकत नाही, वाद आपसात मिटलाय, म्हणून हायकोर्टाने गुन्हा रद्द केला. तपास होता तिथेच थांबला.

त्या संध्याकाळी लालबागच्या एका छोट्या हॉटेलात उन्मेषने तिला लग्नाचं विचारलं. तिची बोटं त्याच्या तळव्यात तशीच राहिली. मग तो गंभीर झाला.

"आता तुझ्यापासून काही लपवायचं नाही मला... ती सही मीच केली होती."

पुढे तो सांगत राहिला. बेचाळीस कुटुंबं, डोक्यावर पडणारी छतं आणि एक हट्टी म्हातारा. त्याच्या आवाजात लबाडी नव्हती, हेच वाईट होतं. तिने हात काढून घेतला. शामरावांना जाऊन सांग, म्हणाली.

"आता कशाला? मिटलंय सगळं." मग अगदी हळुवारपणे, "आणि तूही कोणाला सांगू शकत नाहीस, ऋता. वकील आहेस माझी."

इतक्या प्रेमाने तिचं तोंड कोणी बांधलं नव्हतं.

"वकीलच होते. तेवढंच राहू दे," ती म्हणाली आणि उठली.

त्याचे फोन येत राहिले. तिने एकही उचलला नाही. रविवारी ती शामरावांकडे गेली. सून हळू आवाजात सांगू लागली, की बाबांचा आता स्वतःवरच भरवसा उरला नाही. दाराला कडी लावली का, दहादा विचारतात.  अशिलाचं गुपित फोडलं तर वकिलीची सनद जाईल, हे ऋताला ठाऊक होतं.

"काका, तुम्हाला सही करायला लावली, ते माझं चुकलं. याहून जास्त मला बोलता येत नाही."

शामरावांनी तिला निरखून पाहिलं.

"म्हणजे... माका भूल पडूक नव्हती," ते म्हणाले.

तिने मान हलवली नाही, पण नजरही वळवली नाही. शामराव सावकाश उठले, आत गेलेल्या सुनेला त्यांनी हाक मारली, आणि ती येऊन समोर उभी राहिल्यावर तेच वाक्य पुन्हा, मोठ्याने म्हणाले.