डुकराच्या पोटातला बांबू

रासुआचं डुक्कर रविवारी सकाळी मेलं आणि तिनं असा गळा काढला की नदीपलीकडेही ऐकू गेला असेल. पलीकडून धावून येणार मात्र कुणी नव्हतं. बुधवारच्या वादळानं पूल नेला होता. तेव्हापासून अंबुहिमेना गावातून ना कुणी बाहेर गेलं, ना कुणी आत आलं.

"नोरोताई, करणी केली गं कुणीतरी," रासुआ म्हणाली. "काल धडधाकट होतं. बादलीभर खाऊन झोपलं."

नोरो वनरक्षक होती, पण जन्मानं याच गावची. खरं तर तिला आज डुकराकडे बघायलाही सवड नव्हती. तिचा धाकटा भाऊ झाफी शुक्रवारी सकाळपासून भाताच्या कोठारात कोंडलेला होता, आणि सूर्य कड्याआड गेला की गावसभा बसणार होती. चोरी शाबित झाली तर तुरुंग ठरलेला. तुरुंगाचं एक वेळ सोडा. पण मग घराण्याच्या थडग्यात झाफीला जागा मिळणार नव्हती. आईबापाच्या शेजारी नाही, कुठंतरी रस्त्याकडेला पुरणार. यापेक्षा वाईट शिक्षा त्या गावाला ठाऊक नव्हती.

चोरीला गेली होती कड्यावरच्या सोनेरी लेमुरांची, म्हणजे माकडासारख्या छोट्या प्राण्यांची, मादी. त्या कुटुंबातली एकुलती एक. ती गेली की तो कडा कायमचा रिकामा. गुरुवारी ती दिसेनाशी झाली आणि शुक्रवारी बांबूच्या बेटात फासा सापडला. फाशाचा दोर झाफीनं वळलेला. वर शाळेचे लांतू मास्तर म्हणाले, गुरुवारी झाफीला मी जंगलाकडे जाताना पाहिलं. आणि हा शहाणा तोंडाला कुलूप लावून बसला होता.

नोरो निघणारच होती, तेवढ्यात तिला डुकराच्या तोंडाशी फेस दिसला. ती थांबली.

"सुरी आण," ती म्हणाली.

डुकराचं रक्त भलतंच लालभडक होतं. पोटात पेज, कसावाच्या कंदाच्या साली आणि बोटभर लांबीच्या हिरव्या कोवळ्या पट्ट्या निघाल्या. नोरोनं एक पट्टी नाकाशी धरली आणि झटकन दूर केली. राक्षसबांबूच्या कोंबाची सालं. तो कोंब म्हणजे जहर. गुरं, डुकरं, माणसं, कुणाचीच गय नाही. एकटं सोनेरी लेमूर तो दिवसभर चघळतं आणि मजेत राहतं. कसं, ते त्यालाच ठाऊक.

"बादली कुठून भरतेस, रासुआ?"

"माझी चूल, तुमबु दुकानदार आणि मास्तर. रोज संध्याकाळी."

"रमारो आजोबांच्या घरून?"

"ते कसले देतात. त्यांच्या घराण्याला डुक्कर वर्ज्य. माझी सावली पडली तरी अंगण धुतील."

"काल नवीन कुणी काही टाकलं?"

"मी काय बादलीत डोकं घालून बघते होय?"

नोरो कोठाराशी गेली. फळ्यांच्या फटीतून झाफीचे पाय दिसत होते.

"गुरुवारी कुठं होतास?"

"विचारू नकोस, ताई."

"संध्याकाळी तुला थडग्यातून काढतील रे, गाढवा."

"सांगितलं तरी काढतील."

नोरो त्याच्या पायांकडे बघत राहिली. कड्यावरची माती तांबडी. झाफीच्या नखांत सुकला होता तो करडा चिखल होता, भातखाचराचा. गुरुवारी खाचरात पाय घालायचा नाही, असा पूर्वजांचा नेम; तो मोडणाऱ्यालाही थडग्यात जागा नाही. आणि गावप्रमुख रमारो आजोबांच्या खाचराचा बांध वादळात फुटता फुटता राहिला होता. कुणीतरी त्याला ताजी ढेकळं लावली होती. येता-जाता तिनं ती पाहिली होती.

"माझा दोर कुणाकडे नाही सांग," झाफी आतून म्हणाला. "अख्खं गाव माझ्याकडून घेतं."

तुमबु दुकानदार आपल्या दोन डुकरांना कसाव घालत होता.

"काल बादलीत राक्षसबांबू टाकलास?"

"मला वेड लागलंय? बादली माझ्या दारात आली की माझी जनावरं तीत तोंड घालतात. तो कोंब मी कुंपणाच्या आत आणत नाही. आईच्या दुधाबरोबर शिकलोय आम्ही."

लांतू मास्तर शाळेच्या पायरीवर बसले होते. शेजारी दोरीनं बांधलेली ट्रंक. मास्तर वरच्या पठारावरचे. सहा वर्षं इथं एकटे, बायकामुलं तिकडे. गळक्या छपरापायी शाळा वादळापासून बंद होती.

"उद्या होडी सुरू होतेय म्हणे," ते म्हणाले. मनगट खाजवत होते. दोन्ही हात कोपरापर्यंत लाल झाले होते.

"काय झालं हाताला?"

"गांधीलमाश्या."

"आणि ट्रंक कशाला?"

"घरी जाऊन येतो. धाकटीनं मला नीट पाहिलंसुद्धा नाही."

"बादलीत काय टाकलंत काल?"

"उष्टं-खरकटं. दुसरं काय असणार? का हो?"

"रासुआचं डुक्कर मेलं."

"अरेरे," मास्तर म्हणाले, आणि त्यांना खरंच वाईट वाटलं. तिथंच नोरोची खात्री पटली.

सूर्य कड्याआड गेला. सगळं गाव चिंचेखाली जमलं. झाफीला आणून मध्ये बसवलं. गावप्रमुख रमारो आजोबांनी काठी आपटली.

"नोरो, तू बहीण आहेस. तुझं किती ऐकायचं ते आम्ही ठरवू."

"माझं ऐकू नका, डुकराचं ऐका," नोरो म्हणाली. "ते राक्षसबांबू खाऊन मेलं. सालं कालच्या बादलीतली, ताजी. हा कोंब आपण कुणी खात नाही. मग तो सोलला कुणासाठी? या रानात एकच जीव तो खातो. म्हणजे मादी इथंच आहे, आणि काल तिला कुणीतरी जेवू घातलं. झाफी तर शुक्रवारपासून कोठारात आहे."

लोकांत कुजबुज झाली.

"बादलीत तीन चुलींचं खरकटं. रासुआ स्वतःचं डुक्कर मारणार नाही. तुमबुला ते जहर माहीत आहे, त्याच्या दारी त्याची जनावरंही तीत तोंड घालतात, मास्तरांकडे ती त्यानंतर जाते. इथं जन्मलेल्या कुणीही ती सालं नदीत फेकली असती. बादलीत टाकली ती न कळणाऱ्यानं. मास्तर, पठारावर हा बांबू होत नाही ना?"

मास्तरांनी हात बगलेत लपवले.

"कोंबावर बारीक कुसळं असतात. सोलताना हातात घुसली की चार दिवस खाज जात नाही. गांधीलमाशीचा डंख सुजतो, तो असा कोपरापर्यंत पसरत नाही. दोर तुम्ही झाफीकडूनच घेतला असणार, आणि मग त्याच्यावर आळ घातलात. शाळेच्या कोठीची किल्ली द्या."

मग मास्तरांनी किल्ली काढली.

"तिला उपाशी ठेवलं नाही मी," ते म्हणाले. "शहरात एक माणूस म्हणाला, जनावर आण, बदली घे. सहा वर्षं अर्ज करतोय, नोरोताई. सहा वर्षं. या नदीच्या अलीकडे मी सडून गेलो."

"आणि माझ्या भावाला सडवायला निघालात," नोरो म्हणाली. तिला त्यांची कीव आली, आणि त्या किवेचाच राग आला.

तुमबुनं कोठीतून खोकं आणलं. फळीच्या फटीत सोनेरी तोंड आणि दोन घाबरलेले डोळे. मादी जिवंत होती.

रमारो आजोबा झाफीकडे वळले. नोरोला नेमकी याचीच भीती होती.

"चोर तू नाहीस. पण गुरुवारी होतास कुठं? सभेला उत्तर हवं."

नोरोनं मान हलवली, नको म्हणून. झाफीनं तिच्याकडे पाहिलंच नाही.

"तुमच्या बांधावर," तो म्हणाला. "पाणी चढत होतं. आजोबा, तुम्ही तापानं पडला होतात. मी खाचरात उतरलो."

म्हातारी माणसं जमिनीकडे बघत राहिली. नेम मोडला होता, तो सगळ्यांसमोर कबूल झाला होता, आणि निवाडा ज्यानं करायचा त्याचाच भात वाचला होता.

रमारो आजोबा काठीवर भार टाकून उठले.

"खाचर माझं. त्यात नेम मोडला तर पूर्वज मला विचारतील, पोराला नाही. प्रायश्चित्ताचा बैल मी देतो." मग त्यांनी एकेका म्हाताऱ्याच्या तोंडाकडे पाहिलं. "याची जागा याच्या आईशेजारीच राहील. कुणाला बोलायचं आहे?"

कुणाला बोलायचं नव्हतं.

नोरोनं झाफीला काखेत हात घालून उठवलं. तो रडत होता, आणि नाक पुसत पुसत त्यानं तुमबुच्या हातातलं खोकं घेतलं.

"उजेड आहे तोवर हिला वर सोडून येतो," तो म्हणाला.