लेपाखालचा निळा धागा

सोमवार, दोन मार्च. सकाळचे सहा चाळीस. बल्गेरियातल्या बोतेवग्रादच्या सर्किट बोर्ड कारखान्यात, आतल्या फाटकापाशी लाल दिवा लागला आणि मागची रांग थांबली.

दिवा लागला होता स्नेझिनासाठी. रोजच्याप्रमाणे तिने डाव्या मनगटावरचा पट्टा नीट केला आणि तपासणीच्या बटणावर बोट ठेवलं. अंगातली स्थिर वीज पट्ट्यातून जमिनीत उतरते की नाही, एवढंच ते यंत्र पाहतं. दहा वर्षं त्याने तिला हिरवा दिवा दाखवला होता.

"पुन्हा करून बघा," मागून एक पुरुषी आवाज आला.

तिने केलं. पुन्हा लाल.

"पट्ट्याखाली लोकर आहे तुमच्या. पट्टा कातडीला टेकतच नाहीये."

तिने वळून पाहिलं. उंच, अनोळखी. बाहेर ओला बर्फ पडत होता, त्याने त्याचे केस कपाळाला चिकटले होते. गळ्यात पाहुण्यांचं कार्ड – आणि नजर थेट तिच्या मनगटावर. तिथे मार्तेनित्सा होती, वसंताच्या स्वागताची लाल-पांढऱ्या लोकरीची दोरी, आदल्या दिवशी, एक मार्चला, या वेळी पट्ट्याच्याच हातात बांधलेली.

"काढा ती," तो म्हणाला.

"करकोचा दिसला का तुम्हाला?"

"इथे? फाटकात?"

"करकोचा दिसेपर्यंत किंवा एखादं झाड फुलेपर्यंत मार्तेनित्सा काढत नाहीत. तुमच्याकडे काढतात वाटतं?"

रांगेत कोणीतरी फिसकन हसलं. तिच्या मागे दोन माणसं सोडून स्तोयना मावशी उभी होती. वय साठ, त्यातली अडतीस वर्षं याच कारखान्यात. दरवर्षी सगळ्या लाइनच्या मार्तेनित्सा तीच वळायची.

"अगं पायात बांध, पोरी!" मावशी ओरडली. "पायाने थोडंच सोल्डरिंग करतेस?"

स्नेझिनाने तिथेच, रांगेसमोर, दोरी सोडून घोट्यावर बांधली. "काढली नाही हं," ती त्या माणसाला म्हणाली, "हलवली." मग बटण दाबलं. हिरवा.

"दोरा हलवायला चौदा सेकंद," तो घड्याळाकडे बघत म्हणाला. "हात चांगला आहे."

"हात कसा आहे ते तुम्हाला अजून कळायचंय."

ते त्याला सव्वा तासानेच कळायला लागलं. आठ वाजता प्रशिक्षणाच्या खोलीत फळ्यासमोर तोच उभा होता. नाव यावोर. दानूबकाठच्या रुसे शहरातून चार आठवड्यांसाठी आलेला प्रशिक्षक आणि परीक्षकही.

परिस्थिती त्याने न रंगवता सांगितली. हाताने सुटे भाग बसवायची लाइन एकतीस मार्चला बंद होणार. तिच्या जागी यंत्र येतंय. लाइनवरच्या अकरा जणींपैकी ज्या दुरुस्ती विभागाची परीक्षा सत्तावीस तारखेला पास होतील, त्या राहतील. बाकीच्यांचं काम एकतीसला संपेल. नापास झाल्यास पुढची परीक्षा सहा महिन्यांनी.

"सहा महिने काय करायचं मास्तर, टोमॅटो लावायचे?" मावशीने विचारलं.

"तुम्ही पास व्हाल हो, मावशी."

"मी निवृत्त होतेय रे बाळा. मी आले ते तुला बघायला."

स्नेझिना हसली नाही. तिला हे काम हवं होतं. भीतीपोटी नव्हे, दुसरं कुठलंही तिला मिळालं असतं. पण बोर्डावरचा बिघाड शोधायचा, तो काढून टाकायचा, मेलेला बोर्ड पुन्हा जिवंत करायचा, हे तिला दहा वर्षं करायचं होतं आणि दहा वर्षं कोणी विचारलं नव्हतं. आता विचारलं होतं. ती पास होणार होती. याबद्दल तिच्या मनात शंका नव्हती.

शंका यावोरला आली, चौथ्या दिवशी. तो तिच्या मायक्रोस्कोपवर वाकला आणि बराच वेळ उठेना.

"एकही पाय वाकडा नाही," तो म्हणाला. "सोल्डर मोजून ठेवल्यासारखं. आणि तरीही सगळे सांधे मळकट. का?"

"तुमच्या डोळ्यांना झोप हवीय म्हणून."

"पुन्हा एक करा. माझ्यासमोर."

तिने सोल्डरिंगची कांडी टेकवली, तार लावली, कांडी उचलली... आणि ओठांचा चंबू करून हलकीशी फुंकर घातली.

"हे!" तो म्हणाला. "हे काय केलंत?"

"काय केलं?"

"फुंकलंत."

ती गोंधळली. मग मागच्या टेबलांकडे तिचं लक्ष गेलं. बाकीच्या दहाच्या दहा जणीही फुंकत होत्या. लाइनवर वेळ वाचावा म्हणून मावशीने कधीकाळी पहिलीला शिकवलं, पहिलीने दुसरीला. सांधा लवकर गार व्हावा म्हणून फुंकर. पण पातळ धातू थिजताना हलला की आतून कच्चा राहतो. मोठ्या भागांना ते चालून जायचं. इथे चौसष्ट पायांच्या चिपला चालणार नव्हतं.

"दहा वर्षांची सवय आहे," स्नेझिना म्हणाली. "ओठांना काय बांधू?"

त्याने क्षणभर तिच्या ओठांकडे पाहिलं – आणि लगेच बोर्डाकडे. "गुणगुणा," तो म्हणाला. "ओठ मिटून गुणगुणणाऱ्याला फुंकता येत नाही."

"काय गुणगुणू?"

"ते... अभ्यासक्रमात नाही."

त्या दिवसापासून स्नेझिनाचं टेबल डोळे मिटूनही सापडायचं. ती गुणगुणायची आणि सांधे चमकायला लागले. यावोर सगळ्यांच्या मागून फिरायचा, पण तिच्यामागे आला की पावलं मंद व्हायची. मावशीने हे तीन वेळा मोजलं आणि चौथ्यांदा मोठ्याने सांगितलं.

बुधवारी, अकरा मार्चला, चहाच्या सुट्टीत ती त्याच्यासमोर बसली. तो एकटाच बानित्सा, चीज भरलेली पापुद्र्यांची पोळी, खात होता. तिने त्याच्या ताटाशेजारी एक छोटी दोरी ठेवली. लाल, पांढरा आणि त्यात पिळलेला निळा.

"हे काय?"

"दहा दिवस बघतेय. मार्च महिन्यात तुमच्या अंगावर एक मार्तेनित्सा नाही. रुसेत कोणी नाही का देणारं?"

"आई फोनवर ओरडली. दोरी काही फोनवरून पाठवता येत नाही म्हणाली." मग थांबून, "आणखी कोणी नाही."

"एवढंच विचारायचं होतं," ती म्हणाली. दोघंही हसले.

"निळा कशाला?"

"माझ्या आईच्या गावाकडे, दक्षिणेला, घालतात. दृष्ट लागू नये म्हणून. अख्ख्या बोतेवग्रादमध्ये निळावाली दुसरी मिळाली तर दाखवा."

त्याने दोरी बोटांत फिरवली. "मी बांधू शकत नाही. बोर्डाजवळ हातावर लोकर चालत नाही. मीच तुम्हाला पहिल्या दिवशी..."

"बांधा म्हणतंय कोण? खणात ठेवा."

दुसऱ्या दिवशी तिने विचारलं, कुठे आहे? तो म्हणाला, "खोलीवर. खणात." तिने मान डोलावली. थोडं वाईट वाटलं. पण सांगितलं होतं तिनेच.

शुक्रवार, सत्तावीस मार्च. परीक्षा साडेनऊला सुरू झाली. प्रत्येकीला एक बोर्ड. त्यावरची जळलेली चिप काढायची, नवी बसवायची, चौसष्ट पाय जोडायचे. मग परीक्षक सांधे बघणार, सही करणार. त्यानंतर वरून पारदर्शक लेप, दिव्याखाली वाळवणं आणि शेवटची तपासणी. वेळ दोन तास. बोर्ड एकच.

स्नेझिनाने एक तास सहा मिनिटांत चौसष्ट पाय संपवले. गुणगुणत. यावोर तिच्या खांद्यावरून भिंगावर वाकला, तेव्हा ती गप्प झाली. कॉफीचा वास, बाहीची कडा, आणि अगदी कानाशी त्याचा आवाज: "चौसष्टच्या चौसष्ट. असे सांधे मी तीन वर्षांत पाहिले नाहीत."

"मग सही करा."

त्याने केली. तिने लेप दिला.

अकरा चाळीसला त्याने तिला तपासणीच्या टेबलाशी बोलावलं. बाकीच्या हात धुवायला गेल्या होत्या. त्याचा चेहरा तिने पाहिला, पण आवाज सरळ ठेवला.

"बोला."

"दोष सापडला तर परीक्षार्थीने स्वतः बघायचा, असा नियम आहे." तो बाजूला झाला. "बघा."

ती वाकली. हिरवा बोर्ड, चांदीच्या पायांची रांग. आणि लेपाच्या आत, सतराव्या आणि अठराव्या पायांवर आडवा पडलेला लोकरीचा एक तंतू. दोन मिलिमीटर, फार तर. लेपात लोकर म्हणजे बोर्ड बाद, हे तिला पाठ होतं. आणि तिच्या घोट्यावर मार्तेनित्सा आहे हे पहिल्या दिवशी अख्ख्या रांगेने पाहिलं होतं.

मग तिला रंग दिसला. निळा.

ती सरळ उभी राहिली. तिने त्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं नाही, उजव्या बाहीकडे पाहिलं.

"वर करा."

त्याने बाही वर केली. घड्याळाखाली, कातडीला चिकटून – लाल, पांढरा, निळा.

"खणात आहे म्हणाला होतात."

"खोटं बोललो."

"कधीपासून?"

"अकरा तारखेपासून. चहाची सुट्टी संपल्यापासून."

"सोळा दिवस!" तिला रागवायचं होतं. राग येतही होता, पण त्याच्यासोबत दुसरंही काहीतरी वर येत होतं आणि दोन्ही एकाच वेळी चेहऱ्यावर मावत नव्हतं. "सगळ्या जगाला नियम शिकवणारा माणूस!"

"हो."

"माझ्या बोर्डात!"

"हो." त्याने दाराकडे पाहिलं. "हे फक्त आपण दोघांनी पाहिलंय. मी आत्ता 'पास' लिहिलं तर..."

"लिहून तर बघा," ती म्हणाली. "हा बोर्ड उद्या कुणाच्या रुग्णवाहिकेत बसला तर? माझे सांधे चांगले आहेत. त्यांना कोणाच्या दयेची गरज नाही. खरं काय ते लिहा."

"खरं लिहिलं तर माझं परीक्षकपद जाईल."

"आणि खोटं लिहिलं तर मी जाईन. दुसऱ्या अर्थाने. कळतंय ना?"

त्याला कळलं. त्याने अहवालाचा कागद ओढला आणि उभ्यानेच लिहायला घेतलं. ती शेजारी उभी राहून प्रत्येक ओळ वाचत होती. *तंतू परीक्षकाच्या मनगटावरील दोऱ्याचा. सांधे तपासताना पडला. परीक्षार्थीचा दोष नाही.* पुढचा रकाना होता: परीक्षकाने नियम मोडण्याचे कारण.

पेन थांबलं. मग त्याने लिहिलं: *खाजगी.*

"हे कारण नाही," स्नेझिना म्हणाली. "हा पडदा आहे."

"सोफियाच्या मुख्य कार्यालयात चार माणसं वाचतील हे."

"वाचू देत."

त्याने तो शब्द खोडला. काचेबाहेर ओला बर्फ पुन्हा सुरू झाला होता, खिडकीवरून पाण्याचे ओघळ उतरत होते... मग त्याने एकच शब्द लिहिला आणि कागद तिच्याकडे सरकवला.

*काढवेना.*

तिने तो दोनदा वाचला. मग त्याच्या हातातलं पेन घेऊन परीक्षार्थीच्या जागी सही केली.

"यावोर," ती म्हणाली. पहिल्यांदाच नुसतं नाव.

"हं?"

"तू फार वाईट खोटं बोलतोस."

"सोळा दिवस तर खपलं."

"खपलं नाही. मीच बाही वर करायला लावली नाही." ती दाराशी जाऊन थांबली. "भीती वाटत होती, बांधलेली नसली तर... मग काय केलं असतं मी?"

दार उघडलं तेव्हा पलीकडे स्तोयना मावशी उभी होती, हात केव्हाच धुऊन झालेले.

"काय झालं गं? पास?"

"माहीत नाही."

"मग हसतेस कशाला?"

अहवाल आणि बोर्ड त्याच दुपारी सोफियाला गेले. यावोरला निर्णय होईपर्यंत परीक्षा घ्यायला मनाई झाली. उरलेल्या दहा बोर्डांवर शनिवारी दुसऱ्या परीक्षकाने सह्या केल्या. सहा जणी पास. त्यांत स्तोयना मावशी होती. त्यावर ती दिवसभर चिडून होती, कारण आता निवृत्त व्हावं की नाही हा प्रश्न उभा राहिला. स्नेझिनाच्या सांध्यांचे गुण धरायचे की परीक्षाच रद्द समजायची, हे सोफियातले लोक ठरवणार होते.

रविवारी करकोचा आला नाही. पण फाटकाबाहेरचं प्लमचं झाड रात्रीत फुललं, एका फांदीपुरतं. एवढं फुललेलं झाड चालतं का, यावर दोघांचा थोडा वाद झाला. मग यावोरने मनगट पुढे केलं आणि तिने गाठ सोडली. तिची स्वतःची घोट्यावर होती. रस्त्यात, एका पायावर, त्याच्या खांद्याला धरून तिने ती काढली.

"चौदा सेकंदांहून जास्त लागले," तो म्हणाला.

"घाई कोणाला आहे?"

मंगळवार, एकतीस मार्च. सकाळचे सहा चाळीस. हाताची लाइन आज शेवटची चालेल. स्नेझिनाचं कार्ड रात्री बारापर्यंत चालतं. रुसेला जाणारी यावोरची बस दुपारी दोनची होती. त्या बसचं तिकीट त्याने काल परत केलं. रिवाजाप्रमाणे काढून बांधलेल्या दोन दोऱ्या प्लमच्या एकाच फांदीवर आहेत, एकीत निळा.

तिने पट्टा नीट केला आणि बटणावर बोट ठेवलं. हिरवा. सोफियाहून उत्तर अजून आलेलं नाही.