न्हाणीतली शेवटची पाळी

विश्वास ठेवा नाहीतर ठेवू नका, पण यातलं काहीही रचलेलं नाही. हे माझ्या हिल्या आत्याने डोळ्यांनी पाहिलंय, आणि ती उगाच काहीबाही सांगणारी बाई नव्हे.

१९६१ चा जून. फिनलंडमधलं, पुरुवेसी तळ्याकाठचं तिचं घर. मध्य-उन्हाळ्याचा सण, म्हणजे संध्याकाळ उलटली तरी लख्ख ऊन.

माझी धाकटी आत्या तुओवी सिनेमानटी. वीस वर्षं पडद्यावर नुसती मान वेळावली, धड रडता एकदाही आलं नाही.

त्या दिवशी दिग्दर्शक राउतावेसी आला होता. नव्या सिनेमात मूल गमावलेल्या आईची भूमिका होती. ती हातची गेली की तुओवीचं दुकान बंद. तिने वाचून दाखवलं.

"बाई, पोर गेलंय तुमचं. टोपी नाही हरवली," तो म्हणाला आणि तळ्याकाठी सॉसेज भाजायला गेला.

सगळ्यांच्या अंघोळी उरकल्या होत्या. हिल्याने वाफेच्या न्हाणीत शेवटचं लाकूड सारलं, बादली भरली, वाफेत अंगावर मारून घ्यायची बर्चच्या डहाळ्यांची ताजी जुडी ठेवली आणि दार ओढलं. शेवटची पाळी न्हाणीच्या राखणदाराची. तेव्हा माणसाने आत जायचं नसतं.

तुओवी टॉवेल गुंडाळून आली. "ताई, सरक. एकटीने सराव करायचाय."

"अगं, आता पाळी तुझी नाही."

"मग त्याला सांग, तुओवी हार्यान्ने आलीय. रांगेत उभं राहायची सवय नाही मला."

दार लागलं.

हिल्या पायरीवर बसून राहिली.

आत तापल्या दगडांवर पाणी पडलं... चर्रर्र.

मग जुडीचे फटके... एकीचे नव्हेत. दोघांचे.

मग रडणं सुरू झालं...

पोटातून उपटून काढल्यासारखं. हिल्याच्या अंगावर काटा आला. राउतावेसी धावत आला, त्याचे डोळे भरले होते. "तुओवीलाच घेणार," एवढंच बोलून तो डोळे पुसत परत गेला.

तुओवी बाहेर आली ती पांढरीफटक.

"ताई... मी तोंडही उघडलं नव्हतं. वरच्या बाकावर कोणीतरी..."

"जा, राउतावेसीला सांग."

"वेड लागलंय का तुला? भूमिका मिळालीय मला."

शूटिंगमध्ये ती पुन्हा तीच, ठोकळा. राउतावेसी कपाळ बडवून घ्यायचा.

हेलसिंकीत सिनेमा लागला. दोघी बहिणी शेजारी बसल्या होत्या.

पडद्यावर तुओवीचे ओठ मिटलेले होते...

आणि रडणं ऐकू येत होतं. तेच.

थिएटरभर हुंदके. ओठांकडे कोणाचंच लक्ष नव्हतं.

"हे रडणं तुझं नाही," हिल्या पुटपुटली.

"टाळ्या तर माझ्याच आहेत ना?" असं म्हणून ती निर्लज्ज बाई उठली आणि वाकून वाकून आभार मानू लागली.

त्यानंतर तिला कामावर काम मिळत गेलं, बक्षिसंही मिळाली. हिल्या मात्र थिएटरची पायरी चढली नाही. रेडिओवर बहिणीची मुलाखत लागली की उठून बंद करते. दोन आवाज येतात, म्हणते.

मी हसायचो. परवा एकटाच ऐकत बसलो. तुओवी आत्या आपल्या मेहनतीचे गोडवे गात होती. मध्येच श्वास घ्यायला थांबली...

बोलणं चालूच राहिलं.