गाळातला पांढरा पट्टा

तळ्याच्या तळातून काढलेली गाळाची नळी उभी चिरतात. एक भाग तपासायला ठेवायचा, दुसरा प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून, सील करून कोल्ड रूममध्ये. त्याला कुणी बोटही लावायचं नाही. संस्थेत हा नियम गाळाचा अभ्यास करणाऱ्या ताईंनीच घालून दिला होता.

तपासलेल्या भागाचं म्हणणं सरळ होतं. हजारो वर्षांपूर्वी पावसाने पाठ फिरवली, तळं एका पिढीत आटलं आणि काठावरची नांदती वस्ती उठली. काळ्या गाळात मधेच पांढऱ्या धुळीचा पट्टा होता. त्याच्या खाली चुलींची राख सापडत होती, वर कितीतरी अंतर माणसाची खूणच नव्हती.

आता त्याच काठावर नवी वसाहत झाली होती, लोक घाबरू नयेत म्हणून संस्थेच्या संचालकांना अहवालात 'हळूहळू आटलं' असं हवं होतं. ताईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. त्यांची धाकटी बहीण लेकीला घेऊन नुकतीच तिथे राहायला गेली होती. झोपलेल्याला उठवता येतं, सोंग घेतलेल्याला नाही, असं त्या संचालकांना तोंडावर म्हणाल्या आणि त्यांना कोल्ड रूममध्ये घेऊन गेल्या. राखून ठेवलेला भाग तरी नाकारून दाखवा म्हणावं!

सील शाबूत होतं. ताईंनी प्लॅस्टिक सोडलं.

पांढऱ्या पट्ट्यावर ओरखडे होते. लहान बोटांचे, खालच्या ओल्या थराकडे ओढत नेलेले.

"कुणी हात लावला याला?" संचालकांनी विचारलं.

पुरावा नासवायला यांनीच कुणाला तरी पाठवलं असणार, असा ताईंना संशय आला. पुन्हा सील करून त्या तिथेच स्टूल टाकून बसल्या. दुपारी संचालकांसमोरच उघडलं, तर ओरखडे खोल गेले होते. आणि पट्टा वर चढला होता. काळा गाळ पार वरच्या टोकापर्यंत पांढरा पडला होता.

वरचं टोक म्हणजे कालपरवाचा गाळ.

"लिहा तुम्हाला हवं ते," संचालक पुटपुटले.

ताईंनी बहिणीला फोन लावला.

"तळं काठोकाठ भरलंय गं ताई," बहीण म्हणाली. "पण कुणाकुणाची पोरं सकाळपासून काठावर खड्डे खणतायत. आपली चिमीपण बसलीय त्यांच्यात. ओठ किती फुटलेत तिचे."

"तिला पाणी पाज आधी."

"अगं, समोर तळ्याकडे बोट करून दाखवलं," बहिणीचा आवाज उतरला. "तर मलाच विचारते, कुठंय पाणी?"