हळूच खून केला

एका पत्राला मी उत्तर दिलं नव्हतं. पत्र लहानसं होतं, अक्षर गोल आणि स्वच्छ, आणि शेवटी एकच प्रश्न. उत्तर मला पाठ होतं. अडलं होतं ते मायन्यापाशी. पण असं मधूनच सुरू केलं तर तुम्ही तरुण मंडळी पान उलटून पुढे जाल. मला कुठून सुरुवात करावी हे कधीच कळत नाही. त्या हसण्यापासून करतो.

वाचनालयाच्या वाचनकक्षात, ‘शांतता राखा’च्या पाटीखाली बसून, कोणीतरी हसत होतं. तोंडावर रुमाल दाबून धरला होता, तरी हसू बाजूबाजूने सांडत होतं. मी पुस्तकं परत करायला गेलो होतो. छत्री निथळत होती, तिचं काय करावं ते सुचत नव्हतं. पाहिलं तर पांढऱ्या केसांच्या, ताठ बसलेल्या एक बाई. हातात काळ्या मुखपृष्ठाचं पुस्तक, मुखपृष्ठावर रक्ताचा थेंब. पुस्तक मी लांबूनच ओळखलं. त्यातला एकूण एक स्वल्पविराम माझ्या नजरेखालून गेला होता.

मी मुद्रितशोधक आहे. छापण्याआधी पानं वाचून चुका काढायच्या, एवढंच मला येतं. माझ्या भाचीचं छोटंसं प्रकाशन आहे आणि ती फक्त गुन्ह्यांची पुस्तकं काढते – खुनाच्या कादंबऱ्या, बँक-दरोड्यांच्या सत्यकथा, निवृत्त पोलीस अधिकाऱ्यांच्या आठवणी. एखादी प्रेमकथा काढून बघ, असं मी एकदा भीतभीत सुचवलं होतं. ती म्हणाली, “मामा, प्रेमकथा दुकानांतून परत येतात. खून संपतात.” त्यामुळे बसमध्ये सुट्टे पैसे मागताना ज्याची जीभ अडखळते, त्या मला तिजोऱ्या कशा फोडतात ते तोंडपाठ आहे.

बाईंना ते हसू कोणाला तरी दिल्याशिवाय राहवत नव्हतं, आणि समोर मीच होतो. त्यांनी पुस्तक माझ्याकडे सरकवलं, एका ओळीवर बोट ठेवलं.

‘गॅलरीतून तिने त्याचा हळूच खून केला, आणि मग दोघं हातात हात घालून तळ्याकडे फिरायला गेली.’

“बिचारा,” त्या म्हणाल्या. “मेल्यावरसुद्धा फिरायला जावं लागलं.”

माझे कान तापले. घडलं काय होतं ते मला तिथल्या तिथे कळलं. लेखकाने लिहिलं होतं, ‘त्याला हळूच खूण केली’. टाइप करणाऱ्याच्या हातून ‘ण’च्या जागी ‘न’ पडला आणि माझ्यासमोर आलं, ‘त्याला हळूच खून केली’. मी व्याकरणाचा माणूस. खून पुल्लिंगी, मग ‘केली’ कसं? ‘केला’ हवं. आणि ‘त्याला’ कशाला, ‘त्याचा’. दोन सुबक दुरुस्त्या केल्या आणि बहुधा स्वतःवर खूशही झालो असेन. चुकलेलं एक अक्षर मात्र तसंच राहिलं. वर्षानुवर्षं एकाच जातीची पुस्तकं वाचली की असं होतं... समोर खूण असते आणि आपल्याला खून दिसतो.

गप्प बसून निघून येणं शक्य होतं. मी तेच करतो एरवी.

“ती चूक... माझी आहे,” मी म्हणालो.

त्यांनी मला नीट न्याहाळलं. “म्हणजे खून तुम्ही केलात?”

“हो. शाई अजून हाताला आहे.”

हे वाक्य माझ्या तोंडून कसं आलं, ते मला आजतागायत उलगडलेलं नाही. मला सुचतं ते घरी पोचल्यावर, चप्पल काढताना. त्या दिवशी मात्र वेळेवर सुचलं, आणि त्या पुन्हा हसल्या – या वेळी रुमाल न लावता.

मुद्रितांचा तपासनीस, आणि पुस्तकं सगळी गुन्ह्यांची. म्हणून त्यांनी मला ‘तपासनीस’ हेच नाव ठेवलं. त्या निवृत्त परिचारिका होत्या, अख्खी नोकरी ऑपरेशन थिएटरमध्ये गेलेली. खरं रक्त इतकं पाहिलं की कागदावरचं बघून बरं वाटतं, असं त्यांचं म्हणणं. वाचनालयात सगळे त्यांना ‘सिस्टर’ म्हणत. मीही म्हणू लागलो. हे सोयीचं वाटलं होतं तेव्हा.

मग दर बुधवारी आम्ही एकाच टेबलाशी बसू लागलो. त्या सत्यकथांच्या बाजूच्या, मी कादंबऱ्यांच्या. कादंबरीतले चोर त्यांना फार हुशार वाटत. खऱ्या दरोड्यात कोणीतरी चप्पल विसरतंच, म्हणायच्या. मी म्हणायचो की कादंबरीत निदान शेवटी सगळ्यांना एका खोलीत बसवून काय घडलं ते कोणीतरी समजावून सांगतं. आयुष्यात कोण सांगतं? त्या माझ्याकडे बघत राहिल्या... मी पान उलटलं.

ती चुकलेली ओळ तर आमच्यात राहायलाच आली. एकदा निघताना, छत्री उघडता उघडता, त्या मागे वळून म्हणाल्या, “बुधवारी मी आधी आले, तर खिडकीतून तुमचा खून करीन.” पुस्तकांवर शिक्के मारणाऱ्या कारकुनाचा हात हवेतच राहिला. आणि बुधवारी खरोखरच खिडकीत एक हात हलला. मी रस्त्याच्या पलीकडे पावसाच्या भुरभुरीत उभा होतो. हात वर करावा असं फार वाटलं. पण एका हातात छत्री, दुसऱ्यात पिशवी.

मग त्यांच्या मुलाचा फोन आला. तो लांबच्या शहरात असतो. एकटी कशाला राहतेस, इकडेच ये, म्हणाला. त्यांनी मला ते अगदी सहज सांगितलं, पुस्तकातून डोकं वर न काढता. मी म्हणालो, “हो का... चांगलं आहे.”

चारच दिवसांत त्यांचं पत्र आलं. मुलगा खोली रंगवून घेतोय, कुठला रंग हवा म्हणून विचारतोय. जागा सोडायची की नाही हे घरमालकाला महिनाअखेरपर्यंत कळवायचं आहे. ‘समोर विचारलं तर तुम्ही पुन्हा चांगलं आहे म्हणाल, म्हणून लिहून विचारते,’ असं लिहून खाली, वेगळ्या ओळीत:

‘मी जाऊ का?’

मी लगेच उत्तर लिहायला बसलो. ‘प्रिय सिस्टर’ असं लिहिलं. जरा पुन्हा वाचून बघा, म्हणजे माझी पंचाईत कळेल. ‘आदरणीय सिस्टर’ त्याहून वाईट. नुसतं ‘सिस्टर’ लिहिलं तर सलाईन संपल्याचं सांगायला हाक मारल्यासारखं. त्यांचं नाव मला ठाऊक होतं, पण ते घ्यायची परवानगी कुठे होती? मायना सोडून पुढे गेलो, तर दुसरीच गत. ‘तुम्ही गेलात तर मला फार वाईट वाटेल’ असं लिहिलं. ‘फार’ अनावश्यक, काढलं. ‘वाईट वाटेल’ शिळं, तेही काढलं. मग ‘मला’ एकटंच लोंबकळत राहिलं, त्यावर काट मारली. उरलं – ‘तुम्ही गेलात तर’.

तरी खरी भीती निराळीच होती. एकदा मी खुणेचा खून केला होता. आता साध्या, घरगुती प्रश्नाची खूण करून बसलो तर? या वयात?

महिना संपत आला. मधले बुधवार मी वाचनालयाकडे फिरकलोच नव्हतो. भाची नवं हस्तलिखित घेऊन घरी आली – एका तुरुंगाधिकाऱ्याच्या आठवणी. टेबलावर पत्र उघडंच होतं. तिने न विचारता वाचलं, मग खुर्ची ओढून बसली.

“कधी आलंय?”

मी सांगितलं. तिने कपाळावर हात मारला नाही, हे तिचे उपकार. तिने थेट खटलाच उभा केला. ही बाई तुमच्यासाठी खुर्चीवर पिशवी ठेवून जागा राखते. चष्म्याची दांडी तुटली तेव्हा चिकटपट्टी कोणी लावून दिली? आणि दरोड्याचं तेच तेच पुस्तक ती पुन्हा पुन्हा का नेते? सगळं मीच तिला वेळोवेळी सांगितलेलं. स्वतःविरुद्ध इतकी साक्ष दुसरा कोणी देत नसेल.

“पण कबुली नाही ना,” मी म्हणालो.

भाचीने शेवटच्या ओळीवर बोट ठेवलं. “ही काय आहे मग? आणि मामा, आधी ते सिस्टर म्हणणं बंद करा. माणूस प्रेमात काय काय म्हणतो, पण सिस्टर?”

मी खिडकीकडे बघत राहिलो. तिचा आवाज उतरला.

“त्या जातील हो. भिंतीला रंग लागेल, सामान बांधलं जाईल. तुम्ही दर आठवड्याला माझ्याकडे कागद घेऊन याल, सगळं अगदी शुद्ध. आणि मला तुमच्या तोंडाकडे बघवणार नाही.”

ती गेल्यावर मी तुरुंगाधिकाऱ्याचं पहिलं पान पुढे ओढलं, लाल पेन घेतलं. अक्षरं डोळ्यांत शिरेनात. शेजारी पत्र होतंच. नजर तिकडे वळली आणि सवयीने तपासू लागली. पहिली ओळ बरोबर. दुसरी बरोबर. शेवटची...

शेवटच्या ओळीत एक अक्षर गळलं होतं.

हात आपोआप चालला. ‘जाऊ’ आणि ‘का’ यांच्या मधोमध, ओळीखाली, अक्षर घालायची खूण केली आणि समासात लिहिलं – न. ‘मी’वर काट मारली. प्रश्नचिन्ह काढून तिथे पूर्णविराम दिला. मग पेन खाली ठेवून वाचलं.

‘जाऊ नका.’

मायना लागलाच नाही. तळाशी लिहिलं, ‘तपासनीस’. दुसरं वाचन केलं नाही, जन्मात पहिल्यांदाच. पाकिटावर मात्र नाव लिहावंच लागलं. त्यांचं नाव, पूर्ण, मागेपुढे काही नाही. एक वेलांटी जरा थरथरली. तशीच राहू दिली.

भुरभुर होती, छत्री घरीच राहिली. टपालपेटीपाशी पोचलो आणि अडलो. बाईंचंच पत्र, त्यावर लाल शाई ओढून, त्यांनाच परत? हे कसं दिसेल? त्यांनी सहज विचारलं असेल तर? पाकीट फटीत अर्धं आत, अर्धं माझ्या बोटांत. माझ्यामागे एक मुलगी आपली पाकिटं ओढणीखाली झाकून उभी होती, केसांतून पाणी ओघळत होतं.

“काका, टाकताय ना?”

“टाकतोय,” मी म्हणालो, आणि सोडून दिलं.